सात पिढ्यांचा वर: चिंचवडच्या देवांविषयीच्या वादाचा आढावा

भाद्रपदात पुण्याजवळच्या महाळुंग्यातल्या कंपन्यांच्या आवारात गणपती बसतो आणि शिफ्ट सुटताना 'मोरया'चा गजर होतो. हा मोरया म्हणजे चिंचवडचे मोरया गोसावी, असं बहुतेकांनी ऐकलेलं असतं. त्यांच्या नावाशी जोडलेलं एक भाकीत मात्र फारसं कुणाला माहीत नसतं. गणपतीने मोरयांना वर दिला, तुझ्या वंशात मी सात पिढ्या राहीन. पुढे १८१० मध्ये हा वंश निपुत्रिक संपला. वर खरा झाला, मधेच तुटला, की तो आकड्याचा वर कधी नव्हताच, यावर गेली दोनशे वर्षं वेगवेगळी उत्तरं दिली जात आहेत.

कल्पित दुनियांच्या कादंबऱ्या वाचणाऱ्यांना असे वाद ओळखीचे असतात. हॅरी पॉटरच्या कथेतलं भाकीत दोन मुलांना लागू पडत होतं आणि त्यावर वाचकांनी पानंच्या पानं खर्ची घातली. आपल्याकडचा वाद मात्र खऱ्या गावातला आहे. महाळुंग्याहून तळवडे-निगडीमार्गे वीसेक किलोमीटरवर, पवनेच्या काठी, तो ज्यांच्याविषयी आहे त्यांच्या समाध्या आहेत. या वादाला अध्यात्म, वंशावळ, जमिनीचे हक्क आणि इतिहासलेखन अशा चार बाजू आहेत. त्या एकमेकींत इतक्या गुंतल्या आहेत की एकीवर बोलायला गेलं की दुसरी आपोआप पुढे येते.

वराची कथा

कथेचा गाभा सगळीकडे जवळपास सारखा आहे. वामनभट आणि पार्वतीबाई हे बीदरकडचं अपत्यहीन जोडपं मोरगावला येऊन राहिलं. मयूरेश्वराच्या कृपेने मुलगा झाला, म्हणून त्याचं नाव मोरया. नयन भारती गोसावींकडून त्यांना उपदेश मिळाला. थेऊरच्या अनुष्ठानात गणपती प्रसन्न झाला. पुढे मोरया चिंचवडला स्थिरावले, मोरगावची वारी करत राहिले आणि कऱ्हेत स्नान करताना हाती आलेली मंगलमूर्ती त्यांनी चिंचवडला आणली. शेवटी पवनेच्या तीरावर त्यांनी संजीवन समाधी घेतली. मार्गशीर्ष वद्य षष्ठीला तिथे आजही उत्सव होतो.

फरक आहे तो वराच्या शब्दांत. एका सांगण्यात गणपती म्हणतो, मी तुझ्या पोटी जन्म घेईन, आणि मग चिंतामणी जन्मतात. दुसऱ्या सांगण्यात तो म्हणतो, माझा अंश तुझ्यात आणि तुझ्या वंशात सात पिढ्या राहील. पहिल्या सांगण्यात देव एकदाच येतो आणि मुदतीचा प्रश्नच नसतो. दुसऱ्यात तो मुदतीने राहतो, पण अंशाने. मोरयांचे वंशज 'देव' म्हणून ओळखले जातात. ही ओळख चिंतामणींपासून सुरू झाली, असं परंपरा सांगते आणि तिचा संबंध तुकोबांच्या भेटीशी जोडते. म्हणजे पहिले देव मोरया नव्हेत, त्यांचा मुलगा. हा तपशील पुढच्या मोजणीत फार महत्त्वाचा ठरतो.

वर मिळाला म्हणून प्रत्येक पिढीला पुरावा द्यायचं चुकलं नाही. चिंतामणींनंतरच्या नारायण देवांची परीक्षा घेण्यासाठी मुघल बादशहाने झाकलेल्या ताटात गोमांस पाठवलं, ताट उघडलं तर आत फुलं निघाली आणि खूश होऊन त्याने आठ गावं वंशपरंपरेने दिली, अशी कथा आहे. ही कथा अनेक संतांविषयी सांगतात. इथे मात्र तिचा शेवट सनदेत होतो, हे विसरू नये.

काळ ठरेना

मोरया नेमके केव्हा होऊन गेले यावर एकमत नाही. परंपरेतल्या काही नोंदी जन्म १३७५ आणि समाधी १५६१ धरतात. पॉल कोर्टराइट यांच्यासारखे आधुनिक अभ्यासक त्यांना थेट १७ व्या शतकात ठेवतात. या दोन टोकांमध्ये इतर मतं विखुरलेली आहेत.

हातात असलेला सगळ्यात भक्कम दगड म्हणजे समाधिमंदिराच्या भिंतीवरचा मराठी लेख. शके १५८०, विलंबी संवत्सर, कार्तिक शुद्ध द्वादशीला काम सुरू झालं आणि पुढच्या विकारी संवत्सरात आषाढ शुद्ध चतुर्थीला पूर्ण झालं, असं तो सांगतो. शके १५८० म्हणजे १६५८-५९. संवत्सराचं नाव आणि शक एकमेकांशी जुळतात, त्यामुळे तारखेबद्दल शंकेला जागा नाही. मंदिर चिंतामणी देवांनी बांधवलं, असं मानतात. तुकोबा १६५० मध्ये गेले. भेटीची आख्यायिका आणि मंदिराचा काळ दोन्ही चिंतामणींना १७ व्या शतकाच्या मध्याकडे खेचतात.

यात पिढ्यांचं गणित घातलं की चित्र बरंच स्पष्ट होतं. १८०९ मध्ये गादीवर लहान मुलगा होता, हे पुढे येईलच. मोरयांचा जन्म १३७५ मध्ये धरला तर त्या मुलापर्यंत सुमारे ४२० वर्षं होतात. मधली सात अंतरं धरली तर दर पिढीला साठ वर्षं पडतात. एखाद्या पिढीत हे घडेल, सलग सात पिढ्या घडणं अवघड आहे. उलट चिंतामणी १६०० नंतर जन्मले असं धरलं, तर त्यांच्यापासून शेवटच्या देवापर्यंत दर पिढीला तीसेक वर्षं येतात. कोणत्याही घरात असंच असतं. श्रद्धेने पाहणाऱ्याला पहिलं गणित अडचणीचं वाटायचं कारण नाही, कारण योगी पुरुषाला दीर्घायुष्य परंपरेत गृहीतच असतं. पण मग ते दीर्घायुष्य एकट्या मोरयांना पुरत नाही. पुढच्या काही पिढ्यांनाही ते वाटून द्यावं लागतं.

बाहेरच्यांच्या नोंदी

हे भाकीत छापील अक्षरांत आणलं ते एडवर्ड मूर या कंपनी सरकारच्या अधिकाऱ्याने. १८०० मध्ये तो चिंचवडला गेला आणि दुसऱ्या वर्षी 'एशियाटिक रिसर्चेस'च्या सातव्या खंडात त्याने पुण्याच्या परिसरातल्या या वंशपरंपरागत जिवंत देवाविषयी लेख लिहिला. १८१० च्या त्याच्या 'हिंदू पँथिऑन' या ग्रंथातही तो विषय आला. गणपतीचा अंश सातव्या पिढीपर्यंत राहील असा वर मिळाल्याचं मूर नमूद करतो.

ब्रिटिश प्रवासलेखिका मारिया ग्रॅहम १८०९ मध्ये चिंचवडला आली. तिचं प्रवासवर्णन १८१२ मध्ये निघालं. तिला देव म्हणून एक लहान मुलगा दिसला. डोळ्यांतली बेचैन झाक सोडली तर इतर मुलांसारखाच, आणि ती झाक रोज दिल्या जाणाऱ्या अफूमुळे, असं तिला सांगण्यात आलं. भोवतालचे सुखवस्तू ब्राह्मण देवाच्या उत्पन्नाची काळजी उत्तम घेत असावेत, असा टोमणाही तिने मारला. तिच्या लेखनात त्या काळच्या युरोपी पाहुण्याची नाक मुरडण्याची सवय भरपूर आहे. अफूची गोष्ट ऐकीव आहे, ती तेवढ्याच वजनाची मानावी. मुलाचं वय मात्र तिने डोळ्यांनी पाहिलं होतं.

१८१० मध्ये धरणीधर देव वारले आणि सरळ वंश संपला. १८८५ मध्ये निघालेल्या मुंबई इलाख्याच्या पुणे जिल्हा गॅझेटियरमध्ये ही सगळी हकीकत एकत्र येते आणि तिच्यासोबत एक शापही येतो. दुसऱ्या नारायण देवांना कुतूहल आवरेना. त्यांनी मोरयांची समाधी उघडली. आत मोरया ध्यानस्थ बसलेले होते. ध्यान मोडलं आणि त्यांनी शाप दिला, तुझा मुलगा शेवटचा देव ठरेल. धरणीधरांनंतर दूरच्या नात्यातल्या सखारी नावाच्या व्यक्तीला गादीवर बसवण्यात आलं, ते देवस्थानाचं उत्पन्न टिकावं म्हणून, असं गॅझेटियर सांगतं.

वर की शाप

भाकिताच्या अर्थाविषयीची मतं इथूनच फुटतात.

पहिलं मत सरळ आहे. देवाने सात पिढ्या सांगितल्या, सात झाल्या, आठवी आली नाही. वर अक्षरशः फळला. या वाचनात १८१० हे वर्ष दुर्दैवाचं नाही, मुदत पूर्ण झाल्याचं आहे. पण वर असा पूर्ण झाला असेल तर शापाची गरज काय? मुदत संपल्यावर घर सोडणाऱ्याला कुणी हाकलून देत नाही.

दुसरं मत शापाला धरून चालतं. वंश संपला तो समाधीचा भंग झाला म्हणून. यात सात हा आकडा मागे पडतो आणि आचरण पुढे येतं. या कथेशेजारी आळंदीची कथा ठेवून पाहावी. एकनाथ महाराज ज्ञानेश्वरांच्या समाधीत उतरले, गळ्याला लागलेली अजानवृक्षाची मुळी त्यांनी दूर केली आणि पुढे १५८४ मध्ये ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली, असं वारकरी परंपरा मानते. तिथे समाधीत जाणाऱ्याला कृपा मिळाली, इथे शाप. फरक बोलावण्याचा आहे. एकनाथांना माउलींनी स्वप्नात येऊन सांगितलं होतं, नारायण देव स्वतःच्या कुतूहलाने गेले. इंद्रायणी आणि पवना या शेजारच्या दोन नद्यांच्या काठांवर संजीवन समाधीविषयीचा एकच नियम दोन बाजूंनी सांगितला गेला, असं मला वाटतं. तसं असेल तर शापकथेचा मूळ विषय वंश नसून समाधीची मर्यादा हाच असू शकतो.

ग्रॅहमने पाहिलेला मुलगा हाच धरणीधर असेल, आणि तारखा तसंच सुचवतात, तर त्याच्या निपुत्रिक असण्याला शापाचा आधार लागतच नाही. तो मूल होण्याच्या वयाचाच नव्हता.

तिसरं मत भक्तांच्या वहिवाटीतून दिसतं आणि ते कुणी वादासारखं मांडत नाही. चिंचवडची गादी चालू राहिली. मोरगाव, थेऊर आणि सिद्धटेक ही अष्टविनायकांतली तीन ठाणी आजही चिंचवड देवस्थान न्यास पाहतो. भाद्रपदात आणि माघात मंगलमूर्तीची पालखी चिंचवडहून मोरगावला जाते. माणसातला अंश संपला असेल, मूर्तीतला तर आहेच. त्यामुळे दर्शनाच्या रांगेत उभ्या असलेल्याला १८१० या सालाचं काही पडलेलं नसतं.

मोजायचं कुठून

सात पिढ्या मान्य केल्या तरी पहिली पिढी कोणती? वंशावळीत मोरयांनंतर सात देव मोजण्याची रीत आहे. म्हणजे मोरया धरले तर धरणीधर आठवे.

आपल्या धर्मशास्त्रात पिढ्या मोजायची ठरलेली पद्धत आहे. मिताक्षरेत सापिंड्य, म्हणजे जवळचं रक्ताचं नातं, बापाकडून सात आणि आईकडून पाच पिढ्या जातं आणि मोजणी स्वतःपासून सुरू होते. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याने आकडे पाच आणि तीनवर आणले, पण संबंधित व्यक्तीलाच पहिली पिढी धरायचं, हे कायद्यातही स्पष्ट लिहिलं आहे. हा हिशेब वराला लावला तर मोरया पहिले आणि सातवी पिढी धरणीधरांच्या वडिलांशी संपते. वराच्या मुदतीबाहेर एक देव उरतो. सापिंड्य मागे पूर्वजांकडे मोजतात, वर मात्र पुढे वंशजांकडे उतरतो, म्हणून हा नियम जसाच्या तसा लावता येणार नाही, असा आक्षेप घेता येईल आणि तो रास्त आहे. पण सापिंड्याच्या सात पिढ्या संपल्या की नात्याचं दहा दिवसांचं सुतक-सोयर सुटतं, हे त्या काळच्या प्रत्येक ब्राह्मण घराला ठाऊक होतं. गणपतीने सातच पिढ्या का सांगितल्या, याचं उत्तर मला इथे सापडण्याची शक्यता जास्त वाटते. जोवर रक्ताचं नातं धर्माला मान्य, तोवर मी तुमच्या घरचा, असा त्याचा भाव असावा.

असाच घोळ नेपाळात झाला आहे. पृथ्वीनारायण शहाला गोरखनाथांनी दिलेलं दही त्याने प्यायलं नाही, ते पायांवर सांडलं आणि पायांच्या दहा बोटांवरून त्याच्या घराण्याला दहा पिढ्यांचं राज्य ठरलं, अशी कथा आहे. १ जून २००१ च्या राजवाड्यातल्या हत्याकांडात राजा बीरेंद्र मारला गेला, तेव्हा ही कथा पुन्हा सगळ्यांच्या तोंडी आली, कारण बीरेंद्र दहावा राजा होता. पण त्रैलोक्य नावाचा युवराज गादीवर न बसताच वारला होता. राजे मोजले तर बीरेंद्र दहावा, पिढ्या मोजल्या तर अकरावा. राजेशाही २००८ मध्ये गेली, तेव्हा हिशेब आणखी पुढे सरकवावा लागला. भाकीत आकड्यात असलं की घटना घडल्यावर मोजणीची सुरुवात हलवता येते. काठमांडूत हे झालं तसं चिंचवडातही होऊ शकतं.

कागदपत्रांची बाजू

इतिहासकारांनी या प्रश्नाकडे वेगळ्या दारातून पाहिलं. लॉरेन्स प्रेस्टन यांचा चिंचवडच्या देवांवरचा ग्रंथ १९८९ मध्ये केंब्रिजहून निघाला. त्यांचा भर देवत्वापेक्षा घराण्याच्या जमिनींवर, इनामांवर आणि राज्यसत्तेशी असलेल्या संबंधांवर आहे. मुघल असोत, मराठे असोत की कंपनी सरकार, प्रत्येक सत्तेला या घराण्याशी व्यवहार करावा लागला. पेशवे तर गणपतीचेच उपासक. थोरले माधवराव १७७२ मध्ये थेऊरलाच वारले.

या बाजूने पाहिलं की वर आणि सनद शेजारी येतात. इनाम पुत्रपौत्रादि वंशपरंपरेने चालतं, त्याला सातची मर्यादा नसते. वराला असते. १८१० मध्ये या दोन मुदती एकमेकींसमोर उभ्या राहिल्या. वर संपला म्हणून इनामही संपलं, असं कुणी म्हटलं असतं तर देवस्थान अडचणीत आलं असतं. गॅझेटियरचा रोख तिकडेच आहे. पण देवस्थानाचं उत्पन्न म्हणजे नुसता मानकऱ्यांचा फायदा, असं धरून चालणंही एकांगी आहे. नैवेद्य, अन्नदान, यात्रा, पालखी हे सगळं त्याच उत्पन्नावर चालत होतं आणि गादी रिकामी राहिली असती तर तेही थांबलं असतं. दत्तक किंवा भाऊबंदातला वारस बसवणं ही तेव्हा प्रत्येक इनामदार घराण्याची रीत होती. इथे ती केवळ देवाच्या बाबतीत घडली म्हणून डोळ्यांत भरते.

कोर्टराइट यांनी १९८५ च्या आपल्या गणेशविषयक ग्रंथात याच परंपरेचा धार्मिक अंगाने विचार केला. त्यातल्या मनोविश्लेषणाच्या भागावरून २००३ मध्ये वादळ उठलं आणि भारतीय आवृत्ती मागे घेतली गेली. त्या गदारोळात चिंचवडविषयीचं त्यांचं लेखन मराठी वाचकांपर्यंत फारसं पोचलं नसावं.

काय सुटलेलं नाही

घटना घडून गेल्यावर भाकीत रचायचं आणि ते जुनं म्हणून सांगायचं, हा प्रकार आपल्याकडे नवा नाही. भविष्यपुराणात इंग्रजांच्या राज्यापर्यंतचे उल्लेख येतात आणि तो भाग फार उशिरा घातलेला आहे, हे अभ्यासक सांगत आले आहेत. चिंचवडच्या वराविषयीही हाच संशय घेणं सोपं आहे. वंश सातव्यावर संपला, म्हणून सातचा वर रचला.

पण तारखा या संशयाला साथ देत नाहीत. मूरचा लेख १८०१ मध्ये छापला गेला, वंश १८१० मध्ये संपला. सातचा आकडा नऊ वर्षं आधी कागदावर होता. आढावा घेताना मला सर्वांत ठोस वाटलेली गोष्ट ही आहे आणि भाविक असोत वा संशयवादी, दोघेही तिच्याकडे दुर्लक्ष करतात. अर्थात यातून वर खरा ठरत नाही. १८०० मध्येच घराणं सातव्या-आठव्या पिढीशी पोचलेलं होतं, म्हणजे आकडा तेव्हाही परिस्थितीला साजेसा होता. तो चिंतामणींच्या काळापासून चालत आला की अठराव्या शतकाच्या अखेरीस पक्का झाला, हे त्याहून जुन्या नोंदीशिवाय ठरणार नाही. समाधिमंदिरावरचा १६५८-५९ चा लेख इथे मदत करत नाही. त्यात बांधकामाच्या तिथी आहेत, वराचं नाव नाही.

शापाचं वेगळं आहे. तो गॅझेटियरमध्ये येतो तेव्हा वंश संपून पाऊण शतक झालेलं होतं. घटनेनंतर जन्मलेली कथा या दोघांपैकी कोणती असेल तर ती शापाची असण्याचा संभव अधिक आहे. वर आणि शाप एकाच दमात सांगितले जातात म्हणून ते एकाच वयाचे मानायची सवय लागली आहे, ती आधी सोडायला हवी. त्यानंतरचं काम मोडी वाचणाऱ्यांचं आहे. घराण्याच्या सनदा, वंशावळी आणि पेशवे दफ्तरातला चिंचवडशी झालेला पत्रव्यवहार यांत १८०१ पूर्वीच्या एखाद्या कागदावर पिढ्यांचा आकडा सापडला तर मोजणीचा वादही बराचसा निकाली निघेल, कारण तो लिहिणाऱ्याला पहिली पिढी कोणती ते सांगावंच लागलं असेल.